सोंगाड्याचा नातू

सुगत,

तुझ्यावर छापून आलेलं सगळं वाचून झालं. एकाने तुला अख्ख्या देशाचा लाडका काका करून टाकलंय. दुसऱ्याने तुझ्या लहानपणाबद्दल जे लिहिलंय त्यावरून कळलं, की तू त्या बिचाऱ्याला मुलाखतीत पोटभर थापा मारल्या होत्यास. कॉव्हेंट्रीतल्या तुमच्या घरी बकरी कधीच नव्हती. मागच्या अंगणात जेमतेम दोन खुर्च्या मावायच्या आणि उरलेल्या जागेत तुझ्या अप्पांनी मेथी लावलेली असायची. पण आता त्या पेपरात बकरी कायमची बांधली गेलीय, आणि तिला सोडवायला तू नाहीस.

मी रागावलेय, हे आधीच सांगून टाकते. तू गेल्यावर मला एक गोष्ट कळली. आयुष्यात मला काहीही कळलं, नोकरी लागली, गाठ निघाली, शेजारीण पळून गेली, की पहिला फोन तुला जायचा. आणि आता ही एवढी मोठी गोष्ट हातात घेऊन मी बसलेय, तर तू फोन उचलायला नाहीस. परवा मी खरंच नंबर लावला. तुझाच आवाज आला, निरोप ठेवा म्हणून सांगणारा, त्यातही तू शेवटी शिंकतोस. मी निरोप ठेवला नाही. इथे लिहितेय.

तू काय काय केलंस त्याची यादी बाकीचे देतील. मला आठवते ती रविवारची मराठी शाळा. मी बाराव्या वर्षी नाशिकहून आलेली, इंग्रजीचा एक शब्द तोंडातून निघत नाही. तू इथेच जन्मलेला, तुझं मराठी ऐकून माझी आई तोंडाला पदर लावायची. अप्पा शिकवायचे. गाडीच्या कारखान्यात आठवडाभर राबून रविवारी इस्त्रीचा शर्ट घालून कम्युनिटी सेंटरच्या थंडगार खोलीत फळ्यासमोर उभे राहायचे. तेव्हाच आपला करार झाला. शाळेत माझ्या वतीने तू बोलायचं, आणि मराठीत तुला जे बोलायचंय ते मी लिहून द्यायचं. तो करार पुढे कधीच मोडला नाही. तुझ्या पहिल्या दहा वर्षांतले निम्मे विनोद माझे आहेत, हे कोणत्याही पेपरात आलेलं नाही. येऊ नये अशीच माझी इच्छा आहे, कारण त्यातले बरेच वाईट होते.

एप्रिलमध्ये जयंतीचा कार्यक्रम असायचा. भाषणं, गाणी, मुलांची नाटुकली, मग जेवण. एका वर्षी मी तुला अध्यक्षीय भाषणाची नक्कल लिहून दिली. तू कुणाचातरी कोट घालून उभा राहिलास आणि मी न लिहिलेलंच करायला लागलास. माइकवर टिचक्या मारल्यास. नाकावरचा चष्मा खिशात शोधलास. "मी फक्त दोनच शब्द बोलणार आहे," म्हणून कागदांचा एवढा गठ्ठा काढलास. हॉल कोसळला. स्वयंपाकघरातल्या बायका हातातले झारे घेऊन दारात येऊन उभ्या राहिल्या. खऱ्या अध्यक्षांनाही हसू आवरेना. हसले नाहीत ते फक्त सेक्रेटरी, म्हणजे अप्पा. ते उठले, त्यांनी तुझ्या हातातून माइक घेतला आणि म्हणाले, "आपली माणसं एके काळी लोकांना हसवून भाकर मिळवायची. ते दिवस गेले. आपण इथे शिकायला आलोय."

तू तसाच उभा होतास, तो मोठा कोट घालून, कान लालबुंद. मला वाटलं, किती कडक माणूस आहे. तुलाही तेवढंच वाटलं. ते वाक्य कुठून आलं, हे विचारायचं आपल्याला सुचलंच नाही.

मग लीड्स. अप्पांना तुला वकील करायचं होतं. तू वकिलीची दोन वर्षं केलीस आणि उरलेला वेळ पबच्या वरच्या खोल्यांमध्ये दारू प्यालेल्या लोकांसमोर उभा राहण्यात घालवलास. मग तू मालिकेत आलास. अख्खा देश तुला ओळखायला लागला, म्हणजे कोपऱ्यावरच्या दुकानदाराचा सगळं नम्रपणे चुकवणारा भाचा म्हणून. मी एकदा शूटिंग बघायला लीड्सला आले होते, आणि परतीच्या ट्रेनमध्ये आपलं जे वाजलं ते तुला आठवतच असेल.

"तुला ती मान हलवायला कुणी सांगितलं?" मी विचारलं.

"स्क्रिप्टमध्ये आहे. 'ही वॉबल्स हिज हेड.' मी काय करू?"

"अप्पा मान हलवतात? मी हलवते?"

"प्रज्ञा, इट्स अ जॉब. लोक हसले ना, की दार उघडतं. एकदा आत गेलो की मग आपल्याला पाहिजे ते करू."

"आत गेल्यावर खुर्ची देतात की उभंच ठेवतात, ते आधी बघ."

"यू साउंड एक्झॅक्टली लाइक माय डॅड."

डर्बीपर्यंत आपण बोललो नाही. मग तू उठून गेलास आणि दोन चहा घेऊन आलास. माझ्या चहात साखर घालून आणली होतीस, हीच तुझी माफी, आणि साखर जास्त होती. पुढे तू मान हलवायला नकार दिलास आणि भाच्याला मालिकेतून परत भारतात पाठवण्यात आलं. तू घरी बसलास. तेव्हा तू म्हणालास, "यू वर राइट." आणि मी म्हणाले, "पण दार तर उघडलंच ना." तिथून आपण बाजू बदलून भांडायला लागलो. भांडण संपवायची घाई दोघांनाही नव्हती. आता ते माझ्या एकटीकडे आलंय आणि दोन्ही बाजूंनी मलाच बोलावं लागतं.

मला विचारशील तर तुझं सगळ्यात चांगलं काम रेडिओवरचं. टीव्हीवाले त्याला उतरती कळा म्हणाले, म्हणू देत. दुपारच्या त्या कार्यक्रमात लोक फोन करायचे. कचऱ्याचे डबे, गुडघे, बंद झालेली बस, मेलेला नवरा. तू कुणालाच हसला नाहीस. डडलीच्या त्या बाई नवऱ्याच्या कबुतरांबद्दल सांगता सांगता गप्प झाल्या, तेव्हा तू मध्ये काहीच बोलला नाहीस. रेडिओवर शांतता! माझ्या फार्मसीच्या मागच्या खोलीत आम्ही सगळ्या हातातल्या गोळ्या तशाच धरून थांबलो होतो. मग बाई म्हणाल्या, "आर यू देअर, लव्ह?" आणि तू म्हणालास, "ॲम हिअर. टेक युअर टाइम." त्या दिवशी मला वाटलं, हा अप्पांचाच मुलगा. कमिटीच्या मीटिंगमध्ये कुणी बाई बोलायला उठली आणि पुरुष मध्ये बोलायला लागले, की अप्पा असेच हात वर करून सगळ्यांना थांबवायचे. मी हे तुला सांगितलं होतं. तू विषय बदललास.

मुलांसाठी पुस्तकं लिहिलीस, कालव्यावरच्या त्या भांडखोर बदकाची. माझ्या नातवाला ती पाठ आहेत आणि त्यामुळे मलाही. टीव्हीवर नदीकाठाने चालत जाण्याचे ते कार्यक्रम केलेस, ज्यांत तुझे बूट सतत ओले असायचे. आणि मग दर ख्रिसमसला पॅन्टोमाइम. हे इथलं वेड आपल्याकडच्या माणसाला समजावताना माझी दमछाक होते. पोराबाळांना घेऊन सगळं गाव थिएटरला जातं, आणि त्यात एक थोराड पुरुष म्हातारीचा झगा घालून, गालाला लाल फासून नाचतो, आणि लोक आरडाओरडा करून त्याच्याशी बोलतात. ती म्हातारी तू होतास. आणि तू भन्नाट होतास. तीन वर्षांच्या पोरापासून त्याच्या पणजीपर्यंत सगळ्यांना एकाच वेळी हसवताना मी दुसऱ्या कुणाला बघितलेलं नाही.

तुझ्या आईने, म्हणजे काकूंनी, अप्पांना एकदा ओढून आणलं होतं. काकू जाण्याआधीचा हिवाळा. मी त्यांच्या शेजारी बसले होते. तू जिन्यावरून खाली आलास, निळा झगा, लाल गाल, आणि पहिल्याच वाक्याला टाळ्या घेतल्यास. मी अप्पांकडे बघितलं. त्यांनी खुर्चीचा हात इतका घट्ट धरला होता, की मला वाटलं त्यांना बरं वाटत नाहीये. मध्यंतर झालं तसे ते कोट घालून उभे राहिले. काकू म्हणाल्या, "अहो, पोरगं बघेल." ते म्हणाले, "मला जमायचं नाही." टॅक्सी नको म्हणाले. थंडीत बसस्टॉपवर जाऊन उभे राहिले.

खेळ संपल्यावर मी मागे आले. तू आरशासमोर बसून गाल पुसत होतास, एक पुसून झाला होता, एक लाल होता.

"अप्पा गेले ना?"

"हो. मध्यंतरात."

तू दुसरा गाल पुसायला घेतलास. "पिटी," म्हणालास. "सेकंड हाफ बेटर होता."

नंतर त्याबद्दल तू कधी बोलला नाहीस. बोललास ते थेट हॉस्पिटलमध्ये. तुझ्या औषधांची नावं ऐकूनच मला सगळं कळलं होतं, आणि मला कळलंय हे तुला कळलं होतं. तरी आपण दोघं नर्सच्या चपलांवर बोलत होतो. मग तू एकदम म्हणालास, "वन थिंग, प्रज्ञा. अप्पांनी एकदा... शेवटपर्यंत बघायला पाहिजे होता. आवडला नाही तरी चालेल. जस्ट, बसून बघायचा. दॅट्स ऑल." मी म्हटलं, तू बरा हो, मी त्यांना खुर्चीला बांधून बसवते. तू हसलास. मग खोकलास. अप्पा रोज येत होते तुझ्याकडे, दोन बसेस बदलून. तुझ्या उशाशी बसून ते तुला पेपर वाचून दाखवायचे, हवामानासकट. तुम्ही दोघं हवामानावर किती बोललात रे. अख्ख्या आयुष्याचं हवामान बोललात, आणि मी शेजारी बसून दोघांचा गळा दाबावा की काय असा विचार करत होते. तू तेवढं एक वाक्य त्यांना म्हटलं असतंस! ते माणूस समोर होतं. मला कशाला सांगितलंस?

आणि मग तू गेलास. सकाळी, चहाच्या वेळी, मी गाडी लावायला खाली गेले होते तेवढ्यात. निदान थांबायचंस.

आता ती गोष्ट ऐक.

तुला निरोप देऊन झाल्यावर दुसऱ्या दिवशी दुपारी मी अप्पांकडे वरणभात घेऊन गेले. ते खिडकीपाशी बसले होते. टीव्हीवर तुझी जुनी क्लिप लागली होती, बातम्यांमध्ये, तोच निळा झगा. त्यांनी टीव्ही बंद केला नाही. आवाज तेवढा बंद केला होता. मग मला म्हणाले, "माझा बाप काय करायचा, तुला माहितीय?"

मी म्हटलं, "शेतमजुरी ना? सुगत तसंच सांगायचा."

"मीच त्याला तसं सांगितलं होतं. माझा बाप सोंगाड्या होता. तमाशाच्या फडात."

सुगत, मी डबा तसाच हातात धरून उभी राहिले.

"नामी माणूस होता," अप्पा म्हणाले. "चार तालुक्यांत नाव होतं. वेळ पडली तर बाईचं सोंग पण घ्यायचा. गालाला असंच लाल लावून. बोर्डावर, म्हणजे स्टेजवर असायचा ना, त्याचं मला कधी काही वाटलं नाही. तिथं तो राजा होता. पाटलाला टोमणा मारायचा आणि पाटील हसायचा. पण सकाळी चावडीवरून बोलावणं यायचं. तिथं ढोलकी नाही, पडदा नाही. तोंड धुतलेलं. 'कर रे कालचं,' म्हणायचे. आणि तो करायचा. उन्हात, धुळीत, तसाच मुरकून दाखवायचा. लोक हसायचे. तोही हसायचा. मी त्याच्या तोंडाकडं बघायचो."

त्यांनी पाणी मागितलं. मी दिलं. ते प्याले नाहीत.

"पुढं आमच्या लोकांनी ठरवलं, ही असली कामं सोडायची. बापानं सोडली. सोंगाची टोपी चुलीत घातली. त्यानंतर त्यानं कुणाला हसवलं नाही. आम्हालाही नाही. मला शिकवलं. म्हणाला, तुझ्यावर कुणी हसता कामा नये. बास, एवढंच." मग त्यांनी टीव्हीकडे बोट केलं. "त्या दिवशी हा जिन्यावरून खाली आला, तसाच. लोक हसायला लागले. मला चावडी दिसली, प्रज्ञा. मला तिथं बसवेना."

मी रागाने म्हटलं, कारण मला दुसरं काही सुचेना, "अप्पा, हे त्याला सांगायला हवं होतं तुम्ही."

ते म्हणाले, "सांगितलं असतं, तर त्यानं ते पण स्टेजवर केलं असतं."

मला हसू फुटलं. त्यांच्यासमोर, तुला जाऊन आठवडाही झाला नव्हता आणि मी खो खो हसले. कारण खरं होतं ते. केलंच असतंस! चावडीसकट केलं असतंस. आणि हसता हसता मी जी रडायला लागले ती थांबेचना. अप्पांनी मला त्यांचा रुमाल दिला. इस्त्री केलेला होता.

तुझा आजा सोंगाड्या होता, सुगत. आयुष्यभर मुलाखतीत तुला विचारायचे, हे तुझ्यात आलं कुठून? आणि तू बकरी सांगायचास. दुसरं काय सांगणार? तुझ्या हातात कुणी काही ठेवलंच नव्हतं. मला सारखं वाटतं, तुला हे कळलं असतं तर तू काय केलं असतंस. अप्पांचं डोकं खाल्लं असतंस. तो चालायचा कसा? बोलता बोलता कुठे थांबायचा? पाटलावरचा तो टोमणा काय होता, शब्दाला शब्द सांगा. लोक कुठे हसले? आणि अप्पांना सांगावं लागलं असतं, आणि सांगता सांगता त्यांना त्यांचा बाप बोर्डावरचा आठवला असता, चावडीवरचा नव्हे. तुम्हा दोघांना एक अख्खी दुपार पुरली नसती. तुम्ही हवामान बोललात.

पुण्यानुमोदनाचा कार्यक्रम बर्मिंगहॅमच्या विहारात झाला, रविवारी. तुझे ते नाटक-टीव्हीवाले इतके आले, की बूट ठेवायला जागा उरली नाही. सतरंजीवर बसताना त्यांचे गुडघे वाजत होते. एकाच्या एका मोज्यावर बदक आणि दुसऱ्यावर काहीच नव्हतं, ते तुझ्यासाठी होतं की त्याला मोजे सापडले नव्हते, मी विचारलं नाही. तुझ्या फोटोसमोर मेणबत्त्या, पांढरी फुलं. त्रिशरण झालं, पंचशील झालं. शेवटी आपल्या माणसांनी "साधु, साधु, साधु" म्हटलं, आणि ते तिसरं साधु झाल्याबरोबर त्या मंडळींनी कडकडून टाळ्या वाजवल्या. त्यांना वाटलं, आता टाळ्यांची जागा आली. जन्मभर तेच ऐकत आलेले लोक ते. आपल्या बायका एकमेकींकडे बघायला लागल्या. मी अप्पांकडे बघितलं, म्हटलं आता हे उठणार. पण ते बसून राहिले. टाळ्या संपेपर्यंत त्यांनी हात जोडलेलेच ठेवले.

मग कोण कोण बोललं. तुझ्या लेकीने, मैत्रीने, तर काय सुंदर बोलावं! लीड्सहून येताना सगळ्या रस्त्याने तिने ते मराठी पाठ केलं होतं. "बाबा मला रोज फोन करायची," म्हणाली, मग जीभ चावून "करायचे" म्हणाली, आणि कुणीही हसलं नाही. सगळ्यांचे डोळे भरून आले होते. तू असतास तर कौतुकाने वेडा झाला असतास.

शेवटी अप्पा उठले. हातात कागद नव्हता, हे मी पहिल्यांदा बघत होते. मैत्री त्यांच्या शेजारी इंग्रजीत सांगायला उभी राहिली.

"मी भाषण करणार नाही," अप्पा म्हणाले. आपल्या माणसांना ते खरं वाटलं नाही.

"माझा बाप सोंगाड्या होता. हे इथे कुणालाच माहीत नाही, कारण मी कुणाला सांगितलं नाही."

आपल्या माणसांना एका क्षणात सगळं कळलं होतं, ते काय सांगतायत आणि ते सांगायला त्यांना काय लागलं असेल. मैत्री अडखळली. तिने माझ्याकडे बघितलं. मग तिचं तिनेच ठरवलं आणि म्हणाली, "माय ग्रेट-ग्रँडफादर वॉज अ कॉमिक." तिलाही ते आत्ताच कळत होतं.

"माझा मुलगा कोण होता, ते तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे," अप्पा म्हणाले. "बापाने लोकांना हसवलं. पोराने लोकांना हसवलं." ते थांबले, श्वास घ्यायला. "मध्ये मी. कमिटीचा सेक्रेटरी."

सुगत, हॉल हसला. आधी आपली माणसं, सगळी एकदम. मग मैत्रीने ते इंग्रजीत सांगितलं आणि तिकडची बाजू हसली, जास्त जोरात. अप्पा चमकले. त्यांना कळेना, काय झालं. त्यांच्या कपाळावर त्या नेहमीच्या आठ्या आल्या आणि ते म्हणाले, "हसायला काय झालं?" मैत्रीने इमानदारीत तेही सांगितलं. मग तर तुझे ते दोस्त सतरंजीवर लोळायचे बाकी राहिले. बदकाच्या मोज्यातला तो माणूस हसतही होता आणि डोळेही पुसत होता. आणि अप्पा त्या हसण्यात उभे होते. मी त्यांच्या तोंडाकडे बघत होते. आधी ते गोंधळले होते. मग मान जराशी वर झाली. मग ते चक्क थांबले, लोकांचं हसून होऊ देत, म्हणून. कुणी शिकवलं होतं त्यांना ते?

सगळं शांत झाल्यावर ते म्हणाले, "तो माझं ऐकायचा नाही. मी त्याचं बघायचो नाही. आता मला वेळ आहे, आणि तो नाही." आणि ते खाली बसले. या वेळी कुणीही टाळ्या वाजवल्या नाहीत.

मी त्यांना गाडीने कॉव्हेंट्रीला सोडायला निघाले. दुपार कलली होती, रस्ता मोकळा होता. ते खिडकीकडे तोंड करून बसले होते. मला वाटलं, डोळा लागला.

"प्रज्ञा."

"काय अप्पा?"

"लोक हसले तेव्हा मला बरं वाटलं." ते माझ्याकडे न बघता बोलत होते. "पोरगा गेलाय माझा, आणि मला बरं वाटलं. हे काय झालं?"

"तसंच होतं अप्पा. असू द्या."

"त्याला असंच वाटायचं?"

"रोज नाही. पण त्यासाठीच तर जायचा तो."

"अपमान नाही वाटायचा?"

"नाही अप्पा. कधीच नाही. त्याच्या बोर्डावर तो राजा होता."

मी मनात तुला म्हणत होते, बघ, विचारतायत रे, शेवटी विचारतायत. ये आणि सांग. मला पुढचा रस्ता धूसर दिसायला लागला म्हणून मी गाडी कडेला घेतली. इंजिन बंद केलं. अप्पांनी का थांबवली म्हणून विचारलं नाही. त्यांनी दोन्ही हात मांडीवर ठेवले होते.

"मग मला सांगायचं ना त्यानं," ते म्हणाले. "मी हसलो असतो का, ते मला ठाऊक नाही. पण शेवटपर्यंत बसलो असतो."